धनीबाईची घुगरी

धनीबाईचा हात दिवसातून कितीदा तरी कानशिलाकडे जायचा आणि रिकामाच खाली यायचा. लग्नात सासूने कानशिलावरच्या बारीक वेण्यांत घुगरी-टोपली गुंफली होती, तेव्हापासून ती तिथंच होती. वर उपड्या वाटीसारखी चांदीची छोटी टोपली, तिच्याखाली लोंबणाऱ्या घुगऱ्या, मान हलली की वाजणाऱ्या. आताच्या सुना असलं काही घालत नाहीत, त्यांना मंगळसूत्र पुरतं. पण धनीबाईच्या वयाच्या बाया सवाष्ण कोण हे कपाळावरून ओळखत नाहीत, कानशिलावरून ओळखतात. नवरा जिवंत आहे तोवर घुगरी उतरवायची नाही, आणि नवरा गेला की एक दिवसही अंगावर ठेवायची नाही. रिवाज एवढा सरळ आहे की त्यात वकील लागत नाही.

आणि धनीबाईने तो मोडला होता. शहाणपणा करायला गेली आणि तोच नडला.

झालं असं की, आदल्या साली ऊसतोडीच्या फडावर कुणीतरी एका बाईची घुगरी झोपेत ओढून नेली, केसांसकट कानशील सोललं तिचं. धनीबाईने धसका घेतला. यंदा दिवाळीनंतर टोळी निघाली, तेव्हा तिने आपली घुगरी-टोपली सोडवली, फडक्यात बांधली आणि घरातल्या ज्वारीच्या कणगीत खोल पुरली. सेवालाल, तिचा नवरा, दारात उभा राहून बघत होता. "अवो, मी अजून जिता हाय," तो हसत म्हणाला होता.

"जिते हा म्हणूनच सांभाळून ठेवून राह्यली," ती म्हणाली होती, आणि कणगीचं तोंड शेणाने लिंपून टाकलं होतं.

चोराला शेण काय अडवतं? तांडा निम्मा ओस पडला होता, घरांना कुलपं होती. कुणीतरी सावकाश कुलूप तोडलं, कणगी उकरली आणि घुगरी नेली. इकडे फडावर सेवालालच्या छातीत पाणी झालं. मोळी उचलता उचलता तो बसला तो पुन्हा उभाच राहिला नाही, अंथरुणाला खिळला. तांड्यातल्या बायांनी दोन्ही गोष्टींची गाठ मारून टाकली. नवरा जिता असताना उतरवली, मंग दुसरं काय होईन? तोंडावर कुणी बोललं नाही. होळीला बाया लेंगी म्हणत फेर धरून नाचल्या, तेव्हा धनीबाईला कुणी ओढायला आलं नाही, एवढंच. तेवढंच तिला जाळत गेलं.

नशीब म्हणा की काय म्हणा, चोर पकडला गेला. त्याच्या पोत्यात घुगरी निघाली. धनीबाईने ठाण्यात जाऊन ओळखली, टोपलीवरचा चेपलेला काठ दाखवला. वाशीमच्या कोर्टात सुकेशनी नावाच्या तरुण वकीलबाईने अर्ज केला आणि न्यायाधीशांनी एका तारखेत निकाल दिला. चांदीचे दागिने खटला संपेपर्यंत सुपूर्दनाम्यावर अर्जदार बाईला तात्काळ परत करावेत. मागितले की हजर करायचे, मोडायचे-विकायचे नाहीत, दागिने मिळाल्याचा फोटो काढायचा. बस.

तात्काळ! या शब्दावर ज्याचा विश्वास बसतो त्याने एकदा सरकारी कचेरीच्या बाकावर बसून पाहावं. सरकारी काम आणि सहा महिने थांब, ही म्हण काही हवेतून आलेली नाही.

"मावशी, ऑर्डर खरी हाय, शिक्का खरा हाय, तुमी बी खऱ्या हा," मुद्देमालाच्या खोलीचं काम बघणारा हवालदार गुलाबसिंग तिला म्हणाला. "पन खोली कोन उघडन?"

"तुमी उघडा. चाबी तं तुमच्याच कमरेले हाय."

"चाबी हाय. चार्ज नाई."

म्हणजे असं, की आधीचा कारकून बदली होऊन गेला, पण जाताना खोलीतल्या वस्तू मोजून नव्याच्या ताब्यात दिल्याच नाहीत. आजारी रजा टाकली आणि गावी जाऊन बसला. खोलीच्या कुलपावर कागद चिकटवून ठेवला, त्यावर सही, सहीवर शिक्का. आता जो कोणी तो कागद फाडेल, आतली प्रत्येक कमी वस्तू त्याच्या गळ्यात पडणार. आणि कमी तर असणारच. जप्त केलेली दारू उन्हाळ्यात उडून जाते, हे तर सगळ्या ठाण्याला ठाऊक होतं.

ठाणेदारसाहेबांनी मात्र तिला खुर्चीवर बसवलं, पाणी दिलं. माणूस गोडबोल्या होता. "बाई, कोर्टाचा आदेश आम्हाला शिरसावंद्य आहे. पण कामाची एक पद्धत असते. तो जुना कारकून येऊ द्या."

"कवा येईन थो?"

"त्याची तब्येत बरी नाही."

"माह्या घरच्याची बी बरी नाई, सायेब. थो चालला. मले घुगरी त्याच्या डोयासमोर पायजे, मांगून काय करू मी तिचं?"

ठाणेदारांनी मान हलवली आणि मोबाइल वाजला नसतानाही कानाला लावला.

बाहेर व्हरांड्यात गुलाबसिंग तिच्या मागे आला. मानोऱ्याकडच्या एका तांड्यातला होता तो. आजूबाजूला कुणी नाही असं बघून तो गोरमाटीत बोलला, घरच्या बोलीत, हळू आवाजात. त्याच्या आईची घुगरी उतरवली तेव्हा तो शाळेत होता, आणि तो आवाज अजून त्याच्या कानात आहे. त्याला सगळं कळतं. पण दोन लेकरं आहेत, नोकरी आहे.

धनीबाईने त्याला घरच्या बोलीत उत्तर दिलंच नाही. त्याला तो मान द्यावा असं तिला वाटलं नाही. सगळ्या व्हरांड्याला ऐकू जाईल अशी ती म्हणाली, "तुले कयते? कयते आनि तरी बसून राह्यला? मंग त्या सायेबापरीस तूच वाईट. त्याले तं कयतच नाई."

कमरेच्या किल्ल्या हातात धरून गुलाबसिंग आत गेला.

वकीलबाई चिडली. तिने कोर्टात दुसरा अर्ज टाकला की आदेश पाळला जात नाही. न्यायाधीशही चिडले. उशीर का झाला याचा लेखी खुलासा त्यांनी ठाण्याकडे मागितला आणि तो देण्यासाठी ठाण्याला मुदत दिली. उशीर का झाला हे सांगायला आणखी वेळ! सुकेशनीने ते धनीबाईला समजावून सांगितलं आणि सांगता सांगता स्वतःच ओशाळली. "मावशी, पुढच्या तारखेले नक्की होईन."

"पुढची तारीख माह्या हातात नाई, बाई," धनीबाई म्हणाली.

तेव्हा सेवालाल अकोल्याच्या सरकारी दवाखान्यात होता. नाकाला नळी, पाय सुजलेले, डोळे बहुतेक मिटलेलेच. धनीबाई चहा घेऊन आली तरी त्याला कळायचं नाही. एकदा ती बराच वेळ उशाशी उभी होती आणि त्याने डोळे उघडून विचारलं, "कवा आली तू?"

"मघाच आली."

"वाजत नाई तू," तो म्हणाला. एका वाक्यानंतर त्याला दम खावा लागे. "पह्यले कसं, डोये झाकून बी समजे. तू चुलीपाशी हाय का कोठ्यात हाय. आता समजतच नाई, तू आली का गेली."

धनीबाईने तोंड फिरवलं. मग त्याने हळूच जे विचारलं ते तिच्या काळजात रुतून बसलं. "मी गेल्यावर बाया तुह्या अंगावरचं काय उतरवतीन वो? काही हायच नाई."

त्यात राग नव्हता, टोमणा नव्हता. रिवाज पुरा कसा होणार याची काळजी करावी तशी तो काळजी करत होता. आणि त्याच क्षणी धनीबाईला नीट कळलं की तिला काय हवं आहे. नवरा वाचावा हे आता मागून उपयोग नव्हता. डॉक्टरांनी लेकाला, लखनला, बाजूला घेऊन सांगितलंच होतं की घरी न्या, आता जे व्हायचं ते घरच्या माणसांत होऊ द्या. तिला एवढंच हवं होतं की तो असताना घुगरी तिच्या कानशिलावर असावी. मग उतरवा खुशाल. पण उतरवायला ती असली पाहिजे. तिची कानशिलं बोडकी असतानाच तो गेला, तर जन्मभर तिने त्याला जिवंतपणीच मेला धरलं होतं असं होईल, आणि ते तिला सहन होण्यासारखं नव्हतं.

तांड्यातला रतनसिंग आपला छोटा हत्ती टेम्पो घेऊन अकोल्याला आला. मागे गाद्या अंथरल्या, वर ताडपत्रीचं छत बांधलं. सेवालालला निजवलं, उशाशी धनीबाई बसली, लखन पुढे रतनसिंगजवळ. मेडशी गेलं, मालेगाव गेलं, वाशीम आलं आणि गेलं. उन्हाने डांबर मऊ झालं होतं. प्रत्येक खड्ड्याला सेवालाल कण्हायचा, आणि कण्हला नाही की धनीबाई त्याच्या छातीवर हात ठेवून बघायची. अनसिंगच्या वाटेवर ठाण्याची पाटी दिसली आणि तिने टपावर जोरात थापा मारल्या.

"आत घे!"

रतनसिंगने काचेतून मागे पाहिलं. "कोठी? ठान्यात?"

"आत घे म्हणते ना!"

लखन उतरून मागे आईकडे धावला. "याडी, येडी झाली का? बाले घरी नेऊ दे. वाटेत काही झालं तं?"

"वाटेतच हाय ना थे ठानं," धनीबाई म्हणाली. "मी घुगरी घालल्याबिगर घरी जात नाई. आनि तुहा बा बी जात नाई."

गाडी फाटकातून आत गेली आणि थेट पायऱ्यांपाशी उभी राहिली. फाटकावरचा शिपाई ओरडत आला, आत पाहिलं आणि बाजूला झाला. सेवालालचा श्वास घरघरत होता, सगळ्यांना ऐकू येईल असा.

ठाणेदार बाहेर आले. आज गोडवा नव्हता. "हा काय प्रकार आहे? दवाखाना वाटला काय हा?"

"नाई, सायेब. दवाखान्यातूनच आनलं. त्याहीनं हात टेकले."

"मग घरी न्या."

"नेते. माही घुगरी द्या, लगेच नेते." आणि तिने कमरेच्या बटव्यातून आदेशाची घडी काढली. घामाने ती मऊ पडली होती. "यात तात्काय लिवलं हाय. वकीलबाईनं मले बोट ठेवून दाखवलं, हे इथं."

ठाणेदारांनी कागद घेतला नाही. त्यांची नजर गाडीत गेली, मग फाटकावरच्या कॅमेऱ्याकडे, मग तक्रारी घेऊन आलेल्या माणसांकडे. त्यातल्या एकाने मोबाइल वर धरला होता. माणसाच्या चेहऱ्यावर हिशेब दिसतो तो असा. ठाण्याच्या आवारात माणूस मेला तर चौकशी. कोण, का, कसा, आत कोणी येऊ दिलं, आधी का हाकललं नाही. त्या चौकशीला मुदत मिळत नाही, तिथं खुलासा त्याच दिवशी द्यावा लागतो. जे काम न्यायाधीशांच्या सहीने झालं नव्हतं, ते सेवालालच्या घरघरीने होऊ लागलं.

"गुलाबसिंग!" ते ओरडले. "खोली उघड."

गुलाबसिंग दारातच उभा होता. "सर, चार्ज..."

"मी सांगतोय ना, उघड!"

"लिहून द्या, सर."

"तोंडी आदेश कळत नाही तुला?"

"कळतो, सर. पण उद्या तुमची बदली झाली तर मी कुठं जाऊ?"

आणि दोघं तिथंच, पायऱ्यांवर, सही कुणाची यावर वाद घालायला लागले. साहेब म्हणत, नोंद तू कर. हवालदार म्हणे, सही तुमची पाहिजे. लखन मोबाइलवर वकीलबाईला लावत होता, तो लागत नव्हता. धनीबाईचा हात सेवालालच्या छातीवर होता. छाती वर गेली. खाली आली. मग गेलीच नाही. तिने त्याला हलवलं, आणि कुठून तरी खोलातून पुन्हा एक श्वास निघाला.

ती गाडीतच उठून उभी राहिली. पदर डोक्यावरून सरकला आणि बोडकी कानशिलं सगळ्यांसमोर उघडी पडली. "भांडा तुमी!" ती ओरडली. तिचा आवाज चिरकला. "बसून भांडा, चाय मागवा! हा माणूस तुमच्या सहीसाठी श्वास धरून बसला हाय का? गुलाबसिंग, तुह्या मायची कोनं उतरवली होती रे? तिच्या अंगावर तं होती! माह्या अंगावर काय हाय? पाह्य!"

गुलाबसिंगने पाहिलं. मग त्याने कमरेच्या किल्ल्या सोडल्या. "राहू द्या, सर," तो म्हणाला, "मी उघडतो. काय कमी निघालं तर माझ्या नावावर लिहा." आणि तो व्हरांड्याच्या टोकाला चालत गेला, कुलपावरचा सही-शिक्क्याचा कागद त्याने एका झटक्यात फाडला.

रतनसिंग आणि तक्रार घेऊन आलेला एक म्हातारा असे दोघे पंच झाले. आत सायकली, पोती, गंजलेले कोयते, उंदरांचा वास. पहिल्या कपाटात नव्हतं. दुसऱ्याचं दार अडकलेलं. धनीबाई गाडीतून हलली नाही, तिचं एक बोट सेवालालच्या मनगटावर होतं. अखेर गुलाबसिंग लाखेने सील केलेली पुडी घेऊन धावत आला, अक्षरशः धावत. सील तोडलं. घुगरी काळी पडली होती. चेपलेला काठ तसाच होता.

"अंगठा," ठाणेदार म्हणाले. तिने अंगठा दिला. "आणि फोटो."

"थांबा जरा," धनीबाई म्हणाली.

घुगरी काही कानातल्या डुलासारखी अडकवायची वस्तू नव्हे. त्यासाठी कानशिलावरचे केस बारीक बारीक विणावे लागतात, आणि कित्येक महिन्यांत तिने ते विणले नव्हते. परक्या पुरुषांसमोर बाई केस सोडत नाही. तिने सोडले. गाडीच्या कडेला पाय सोडून ती बसली आणि विणू लागली. पेड निसटत होते. ठाणेदारही घड्याळ बघायचे थांबले होते. डावी बाजू झाली. उजवीकडे दोरा तुटला, तेव्हा गुलाबसिंगने ज्या सुतळीने पुडी बांधलेली होती तिचाच एक धागा उकलून तिच्या हातात दिला. तिने तो घेतला.

मग ती सेवालालच्या तोंडाशी वाकली आणि तिने मान हलवली.

घुगऱ्या वाजल्या. आधी जरा बद्द, धूळ बसलेल्या, मग नीट. सेवालालच्या पापण्या हलल्या. डोळे थोडे उघडले, इकडे तिकडे फिरले आणि आवाजाच्या जागी येऊन थांबले.

"आली?" तो म्हणाला.

"आली," धनीबाई म्हणाली.

गुलाबसिंगने मोबाइलवर फोटो काढला. तो आज कोर्टाच्या कागदांत लावलेला आहे, आदेशाचं पालन झाल्याचा पुरावा म्हणून. त्यात धनीबाई कॅमेऱ्याकडे बघत नाही.

"झालं ना? निघा आता," ठाणेदार घाईने म्हणाले. "लवकर निघा, बाई, ऊन आहे."

गाडी निघाली. अनसिंग मागे पडलं, तांड्याचा कच्चा रस्ता लागला. दोन्ही बाजूंना तुरीच्या वाळल्या धसकटांची शेतं, मध्ये धूळ. सेवालालचं डोकं तिच्या मांडीवर होतं. एका मोठ्या खड्ड्याला गाडी उसळली आणि तो कण्हला नाही. तिने छातीवर हात ठेवला. या वेळी तिने हलवलं नाही. बराच वेळ हात तिथंच ठेवला आणि मग त्याचे डोळे मिटवले.

पुढच्या काचेतून लखनने मागे वळून पाहिलं. "याडी, बा कसा हाय?"

तिने मान हलवली. घुगऱ्या वाजल्या. लखनला बरं वाटलं, तो पुढे बघू लागला.

तिने सांगितलं असतं तर गाडी तिथंच थांबली असती, लखनने हंबरडा फोडला असता, आणि त्या क्षणापासून घुगरी तिची राहिली नसती. रिवाज तिला ठाऊक होता. एकदा मोडला होता, पुन्हा मोडायचा नव्हता. फक्त थोडा लांबवायचा होता. इतके महिने ठाण्याने उशीर केला होता, आता हा एवढा उशीर तिचा होता. तिने त्याचं डोकं सरळ केलं, ताडपत्रीच्या दांड्याला धरलं आणि प्रत्येक खड्ड्याला मान सैल सोडली. रस्ता खराब होता म्हणून तिला पहिल्यांदाच बरं वाटलं. तांड्यापर्यंत ती वाजत गेली.

वेशीजवळ बाया गोळा झाल्या होत्या. गाडी थांबायच्या आतच त्यांची नजर तिच्या कानशिलांवर गेली. "घुगरी आली वो धनीची!" म्हातारी हौसाबाई आनंदाने ओरडली आणि होळीला जी हाक मारली नव्हती ती मारत दोन्ही हात पसरून पुढे आली.

धनीबाई गाडीतून उतरली, तिच्यासमोर जाऊन उभी राहिली आणि तिने मान खाली केली.

"आता उतरवा," ती म्हणाली.